सोनखताचा हिशेब

स्वच्छता हा मुळात सवयीचा आणि मानसिकतेचा प्रश्न आहे, असे प्रतिपादन करण्याची प्रथा गेल्या दहा-बारा वर्षांत आपल्या सार्वजनिक जीवनात चांगलीच रुळली आहे. २ ऑक्टोबर २०१४ रोजी स्वच्छ भारत अभियानाचा प्रारंभ झाला, तेव्हा मंत्र्यांपासून सिनेनटांपर्यंत अनेकांनी हाती झाडू घेऊन छायाचित्रे काढून घेतली. झाडणे हे ज्यांचे पिढ्यान्‌पिढ्यांचे काम, ती माणसे त्या छायाचित्रांत क्वचितच दिसली. भारतीय माणसाला घाणीची सवय जडली आहे, ती मोडली की देश स्वच्छ होईल, असा या प्रतिपादनाचा आशय. सत्ताधाऱ्यांना आणि सुखवस्तू वर्गाला हा सिद्धान्त सोयीचा वाटावा यात नवल नाही. सवयीचा दोष सर्वांचा, म्हणजे कोणाचाच नाही. आणि सवय बदलण्यासाठी अंदाजपत्रकात मोठी तरतूदही करावी लागत नाही, उपदेशावर भागते.

संडासाचा इतिहास मात्र वेगळीच साक्ष देतो. घाण कोणी उचलायची आणि त्याबद्दल त्याला काय द्यायचे, हा त्या इतिहासातला मध्यवर्ती प्रश्न आहे. ज्या समाजाला घाण उचलणारे हात महाग पडले, त्याने भुयारी गटारे बांधली. ज्या समाजाला ते हात जातिव्यवस्थेने जवळजवळ फुकट पुरवले, त्याला गटारे बांधण्याची निकड भासली नाही. विषय वाचून ज्यांना नाक मुरडावेसे वाटेल त्यांनी एवढे ध्यानात घ्यावे की, या नाक मुरडण्याचाही एक आर्थिक इतिहास आहे.

लोकप्रिय पुस्तकांत हा इतिहास शोधांच्या मालिकेसारखा सांगितला जातो. अलेक्झांडर कमिंगने १७७५ मध्ये पाण्याच्या संडासाचे पेटंट घेतले. नळीला दिलेल्या बाकामुळे पाणी अडून राहते व दुर्गंधी वर येत नाही, ही त्याची युक्ती. तीन वर्षांनी जोसेफ ब्रामाने त्यात सुधारणा केली. १८५१ च्या लंडनमधील महाप्रदर्शनात जॉर्ज जेनिंग्जने पैसे घेऊन वापरावयाचे सार्वजनिक संडास उभारले. आपल्याकडे या मालिकेच्या आरंभी मोहेंजोदडोची गटारे जोडण्याची चाल आहे. ती गटारे होती आणि उत्तम होती. पण त्यांतला गाळ कोण काढत असे हे उत्खननातून कळत नाही, आणि अभिमान बाळगणाऱ्यांना ते विचारावेसेही वाटत नाही.

लंडनची गोष्ट खरे तर शोधांची नाही, खर्चाची आहे. तेथील घरांखालचे मैलकूप रात्री उपसून नेणारे मजूर असत. काम ओंगळ, म्हणून मजुरी चढी. गरीब वस्तीतल्या कुटुंबाला हा खर्च परवडत नसे, म्हणून कूप तुंबत, वाहत आणि विहिरींत झिरपत. १८४२ मध्ये एडविन चॅडविकने कष्टकरी वर्गाच्या आरोग्यस्थितीवरचा आपला प्रसिद्ध अहवाल लिहिला, तेव्हा त्याचा युक्तिवाद भूतदयेचा नव्हता. हातांनी उपसून गाड्यांतून वाहून नेण्यापेक्षा पाण्याच्या प्रवाहाबरोबर मैला वाहवून देणे कितीतरी स्वस्त पडते, हे त्याने हिशेबाने दाखवले. १८५४ मध्ये जॉन स्नोने पटकीचा संबंध ब्रॉड स्ट्रीटवरील पंपाच्या पाण्याशी जोडून दाखवला. तरीही राज्यकर्ते हलले ते १८५८ च्या उन्हाळ्यात, थेम्सची दुर्गंधी पार्लमेंटच्या खिडक्यांतून आत शिरली तेव्हा! मग मात्र काही दिवसांत कायदा झाला आणि जोसेफ बॅझलजेटच्या देखरेखीखाली प्रचंड गटारव्यवस्था उभी राहिली. श्रमाची किंमत आणि धनिकांची गैरसोय या दोन गोष्टी एकत्र आल्यावाचून ते घडले नसते.

भारतात यांपैकी पहिली गोष्टच नव्हती. नारदस्मृतीत कामांची शुभ व अशुभ अशी वाटणी केली आहे. संडास, रस्ता व उकिरडा साफ करणे आणि मलमूत्र उचलून टाकणे ही अशुभ कामे, आणि ती दासांची. श्रमाच्या बाजारात ओंगळ कामाला चढा दर मिळायला हवा, असा अर्थशास्त्राचा साधा नियम. स्मृतिकारांनी तो उलटा केला. काम जितके ओंगळ तितका करणारा हीन, आणि तो जितका हीन तितका त्याचा मोबदला कमी. शिळे तुकडे, सणावाराला जुने वस्त्र आणि महिन्याकाठी काही पैसे एवढ्यात शहरेच्या शहरे साफ होत होती. अशा स्थितीत चॅडविकचा हिशेब येथे कोणी मांडला असता, तर तो तोट्याचाच निघाला असता.

सगळा दोष प्राचीन काळावर ढकलून मोकळे होणे मात्र योग्य नाही. महाराष्ट्रातील खेड्यांत मैला वाहून नेणारी जात गावगाड्याचा भाग नव्हती. लोक शेतात, ओढ्याकाठी, परसाकडे जात. मोठ्या शहरांत व सरदारांच्या वाड्यांत शेतखाने होते आणि ते साफ करणारेही होते. परंतु या कामाला व्यापक आणि नियमबद्ध रूप आले ते इंग्रजी अमदानीत, नगरपालिका आणि लष्करी छावण्या स्थापन झाल्यावर. पुण्याची नगरपालिका १८५७ ची. शहरे वाढली, टोपलीचे संडास वाढले, आणि स्थानिक जाती हे काम करीनात म्हणून काठेवाडातून, उत्तर हिंदुस्थानातून माणसे आणून वसवण्यात आली. एका बाजूला आगगाडी, गिरण्या, तारखाते. दुसऱ्या बाजूला डोक्यावर मैल्याची टोपली. ही दुसरी गोष्ट पहिलीच्या मागे राहिलेला जुना अवशेष नव्हे. दोन्ही एकाच राजवटीने, एकाच काळात वाढवल्या. कापड विणण्यासाठी लँकेशायरहून यंत्रे आणणाऱ्या मुंबईने मैल्यासाठी काठेवाडहून माणसे आणली, कारण ती यंत्रापेक्षा स्वस्त होती.

१८८८ च्या मुंबई महापालिकेच्या कायद्यात पाणीपट्टीबरोबर 'हलालखोर कर' नावाची स्वतंत्र पट्टी होती. घरमालकाने कर पालिकेला भरायचा आणि पालिकेने हलालखोर पुरवायचा. जातीच्या नावाने कर बसवणारी ही आधुनिक नागरी संस्था! जुन्या मुंबईच्या चाळींमागे जी अरुंद 'हाऊस गल्ली' आजही दिसते, ती हलालखोराने समोरून न येता मागून यावे व मागूनच जावे यासाठी ठेवलेली वाट आहे. काही जुन्या इमारतींच्या पाठीमागे गोल लोखंडी जिने आहेत, त्यांचाही हेतू हाच. इमारतीचा नकाशा काढणाऱ्याने जात गृहीत धरली होती आणि तो मंजूर करणाऱ्याने तीवर शिक्का मारला होता. पुण्यातील वाड्यांच्या मागच्या बोळांची कहाणी निराळी नाही.

भाषेनेही या व्यवहारावर पांघरूण घालण्याचे काम चोख बजावले. 'शेतखाना' या शब्दाचा शेताशी संबंध नाही. फारसीतील 'सेहतखाना', म्हणजे आरोग्याचे घर, याचे ते मराठी रूप. 'मेहतर' म्हणजे फारसीत अधिक थोर, सरदार. झाडूवाल्यांना 'हलालखोर', म्हणजे सचोटीची भाकर खाणारा, हे नाव अकबराने दिले असे 'ऐन-ए-अकबरी'त नमूद आहे. इतकी गोड नावे दुसऱ्या कोणत्याही व्यवसायाच्या वाट्याला आली नसतील. मजुरीऐवजी मान द्यावा, आणि तोही केवळ शब्दात, ही युक्ती अकबरापासून आजतागायत चालू आहे.

आणि यातला सर्वांत बोलका शब्द अस्सल मराठी आहे: सोनखत. माणसाच्या विष्ठेपासून होणाऱ्या खताला कुणब्याने सोन्याची उपमा दिली, कारण त्याला त्याचे मोल ठाऊक होते. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात पुण्याची नगरपालिका मैल्यात राख मिसळून तयार केलेले खत विकत असे आणि आसपासच्या ऊस पिकवणाऱ्या शेतकऱ्यांत त्याला मागणी होती. नगरपालिकेला त्यातून उत्पन्न होई. म्हणजे व्यवहार असा: माल सोने, विकणारा प्रतिष्ठित, विकत घेणारा बागाईतदार, आणि वाहून आणणारा अस्पृश्य. जो पदार्थ शेतात पडताच पवित्र लक्ष्मी होतो, तो टोपलीत असताना मात्र वाहणाऱ्याला बाटवतो! घाणीविषयीचा हा विटाळ पदार्थाला चिकटलेला नसून माणसाला चिकटवलेला आहे, याचा यापेक्षा ढळढळीत पुरावा हवा कशाला?

फुकटच्या हातांनी काम नाकारू नये म्हणून कायदाही सज्ज होता. पंजाबच्या १९११ च्या आणि संयुक्त प्रांताच्या १९१६ च्या नगरपालिका कायद्यांत, घरोघरीची सफाई करण्याचा वहिवाटी हक्क असलेल्या भंग्याने ते काम नीट केले नाही, तर त्याला दंड करण्याची तरतूद होती. डॉ. आंबेडकरांनी काँग्रेस आणि गांधीजी यांच्या अस्पृश्यविषयक कार्याची चिकित्सा करणाऱ्या १९४५ च्या आपल्या ग्रंथात या कलमांकडे बोट दाखवले आहे. इतर मजूर काम सोडतो तेव्हा तो फार तर कराराचा भंग ठरतो. येथे तो गुन्हा होता. या 'हक्का'ची मौज अशी की, तो वारशाने मिळे, गहाण ठेवता येई, हुंड्यातही दिला जाई. गरिबाच्या हाती आलेली ही एकुलती एक मालमत्ता, आणि ती म्हणजे दुसऱ्याचा मैला! १९६५ मध्ये केंद्र सरकारने या वहिवाटी हक्कांचा विचार करण्यासाठी प्रा. ना. र. मलकानी यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. स्वातंत्र्यानंतर अठरा वर्षांनीही असा हक्क नष्ट कसा करावा याचा विचार चालू होता, हे नमूद करण्याजोगे आहे.

सुधारकांच्या प्रयत्नांचे मूल्यमापन या पार्श्वभूमीवर व्हावयास हवे. गांधीजींनी १८९६ मध्ये, मुंबईतील प्लेगच्या धास्तीने, राजकोटमध्ये घरोघरचे संडास तपासले, तेव्हा श्रीमंतांचे संडास सर्वांत घाणेरडे आणि अस्पृश्यांची घरे स्वच्छ असल्याचे त्यांना आढळले. १९०१ च्या कलकत्ता काँग्रेसमध्ये प्रतिनिधींचे शौचकूप त्यांनी स्वत: साफ केले. हे काम करणाऱ्याला त्यांनी आईच्या पंक्तीला बसवले. त्यामागची तळमळ खरी होती. आंबेडकरांचा आक्षेप मात्र अधिक मूलगामी होता. ज्या कामाने माणूस पिढ्यान्‌पिढ्या दारिद्र्यात ठेवला, ते काम थोर आहे असे त्यालाच सांगणे ही क्रूर थट्टा आहे, असे त्यांचे म्हणणे. अर्थशास्त्राच्या दृष्टीने पाहिले तर हा आक्षेप बिनतोड आहे. कामाला पावित्र्य चढवले की त्याची मजुरी वाढवण्याची व ते यंत्राकडे सोपवण्याची निकड कमी होते.

गांधीजींच्या अनुयायांपैकी ज्या थोड्यांनी ही गोष्ट ओळखली, त्यांत कोकणचे अप्पासाहेब पटवर्धन अग्रगण्य. १९३२ मध्ये रत्नागिरीच्या तुरुंगात त्यांनी भंगीकाम मागितले. सवर्ण कैद्याला ते देता येत नाही, असे तुरुंगाचे म्हणणे. अप्पासाहेबांनी अन्नत्याग आरंभिला, आणि डिसेंबरात येरवड्याहून गांधीजींनीही त्यांना पाठिंबा म्हणून उपोषण सुरू केले. सरकारने फेरविचाराचे आश्वासन दिल्यावर ते सुटले. ब्रिटिशांच्या तुरुंगात शिक्षेचेही जातवार वाटप होते, हे त्या प्रसंगाने उघड्यावर आणले. त्यानंतर ब्याण्णव वर्षांनी, ३ ऑक्टोबर २०२४ रोजी, सर्वोच्च न्यायालयाला अनेक राज्यांच्या तुरुंग नियमावल्यांतील नेमकी याच जातीची कलमे घटनाबाह्य ठरवावी लागली. मधल्या काळात किती गृहमंत्री आले आणि गेले! त्यांपैकी काही तर स्वत: तुरुंग भोगून आलेले होते.

पण अप्पासाहेबांचे खरे मोठेपण तुरुंगातल्या सत्याग्रहापेक्षा कणकवलीच्या गोपुरी आश्रमात दिसते. मैला उचलणाऱ्याबरोबर आपणही मैला उचलावा, एवढ्यावर ते थांबले नाहीत. मैला उचलावाच लागू नये असा संडास बांधावा, त्याचे खत व्हावे, आणि ते खत घरच्याच माणसाने शेतात घालावे, या विचाराने त्यांनी 'गोपुरी संडास' सिद्ध केला. साधा, स्वस्त, खेड्यातल्या गवंड्याला जमणारा. पुढे १९७० पासून बिंदेश्वर पाठक यांच्या 'सुलभ' संस्थेने दोन खड्ड्यांच्या संडासाचा देशभर प्रसार केला. एक खड्डा भरला की तो बंद करायचा, दुसरा वापरात आणायचा. वर्ष-दोन वर्षांत पहिल्यातील मैल्याची दुर्गंधीरहित माती होते. तात्पर्य, तंत्र उपलब्ध नव्हते ही सबब निदान गेल्या अर्धशतकापुरती तरी खोटी आहे.

मग अडले कोठे? समित्यांचा इतिहास पाहिला की उत्तर मिळते. मुंबई सरकारने १९४९ मध्ये वि. ना. बर्वे यांच्या अध्यक्षतेखाली भंग्यांच्या राहणीमानाची चौकशी करणारी समिती नेमली. तिचा अहवाल १९५२ चा. केंद्राने नेमलेल्या मलकानी समितीचा अहवाल १९६० चा. डोक्यावरून टोपली नेऊ नये, हातगाडी द्यावी, झाकणाची बादली द्यावी, हातमोजे द्यावेत. शिफारशी मानवतेच्या होत्या आणि त्यांपैकी फारच थोड्या अंमलात आल्या. परंतु अंमलात आल्या असत्या तरी टोपली डोक्यावरून गाडीवर आली असती. गाडी ओढणारा तोच राहिला असता. हत्यार सुधारावे आणि करार तसाच ठेवावा, हे सूत्र त्यानंतरच्या प्रत्येक योजनेत आढळते.

टोपलीचे संडास बांधण्यास व ते हातांनी साफ करवून घेण्यास मनाई करणारा कायदा संसदेने १९९३ मध्ये केला. ज्या सहा राज्यांच्या विधिमंडळांनी ठराव करून हा कायदा मागितला, त्यांत महाराष्ट्र व गोवा होते, हे या राज्यांना भूषणास्पद. तो अंमलात आला २६ जानेवारी १९९७ रोजी. सफाई कर्मचारी आंदोलनाने २००३ मध्ये सर्वोच्च न्यायालयात धाव घेतली. निकाल लागला २७ मार्च २०१४ रोजी. तोवर २०११ ची जनगणना होऊन गेली होती, आणि ज्यांतील मैला माणूस उचलतो असे जवळजवळ आठ लाख संडास देशात असल्याचे सरकारच्याच गणनेने सांगितले होते. त्याच वर्षीच्या सामाजिक-आर्थिक गणनेत या कामात गुंतलेली एक लाख ऐंशी हजारांहून अधिक ग्रामीण कुटुंबे नोंदली गेली आणि त्यांत महाराष्ट्राचा क्रमांक पहिला होता. कायदा मागणारे राज्य पहिले, आणि कायद्याने बंद झालेल्या कामातही पहिले!

२०१३ चा नवा कायदा व्यापक आहे. त्याने पुनर्वसनाची जबाबदारी शासनावर टाकली. पण त्याच्या व्याख्येतच एक चोरदार आहे. सरकारने ठरवून दिलेली साधने व संरक्षक साहित्य वापरून जो मैला साफ करतो, तो 'हाताने मैला साफ करणारा' मानला जाणार नाही. म्हणजे हातमोजे चढवले की मनुष्य व्याख्येबाहेर! देशातला सर्वांत लांब उघडा संडास ज्यांच्या मालकीचा होता, त्या रेल्वेला ही पळवाट किती उपयोगी पडली असेल हे सांगावयास नको. डब्यांना जैव-शौचालये बसेपर्यंत रुळांवरचा मैला खरडणारी माणसे फलाटावरच्या प्रत्येक प्रवाशाने पाहिलेली आहेत.

सरकारी सर्वेक्षणांत २०१३ व २०१८ मिळून ५८,०९८ हाताने मैला साफ करणारे नोंदले गेले. त्यांपैकी ज्या ४३,७९७ जणांच्या जातीची माहिती उपलब्ध होती, त्यांत ४२,५९४ अनुसूचित जातींचे होते, असे सरकारने संसदेत सांगितले. म्हणजे शंभरात सत्त्याण्णव. सवयीच्या सिद्धान्ताने या आकड्याचा उलगडा करून दाखवावा. घाणीची सवय सर्व भारतीयांना असेल, तर ती साफ करण्याची सवय नेमकी याच जातींना कशी?

स्वच्छ भारत अभियानाने काहीच साधले नाही असे म्हणणे अन्यायाचे होईल. ग्रामीण भागात दहा कोटींहून अधिक संडास बांधले गेल्याचे सरकार सांगते. त्यात फुगवटा वजा केला तरी लाखो स्त्रियांची पहाटेच्या अंधाराची वाट बघण्याची शिक्षा संपली, ही लहान गोष्ट नव्हे. महाराष्ट्राने तर २००० साली संत गाडगेबाबा ग्रामस्वच्छता अभियान सुरू करून आधीच दिशा दाखवली होती. तथापि २ ऑक्टोबर २०१९ रोजी देश हागणदारीमुक्त झाल्याची घोषणा झाली, आणि त्याच सुमाराच्या, २०१९ ते २०२१ च्या, राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत सुमारे १९ टक्के कुटुंबे कोणताच संडास वापरत नसल्याचे आढळले. घोषणा आणि पाहणी यांतले हे अंतर नुसत्या गरिबीचे मानावे, तर बांगलादेश आडवा येतो. आपल्याहून गरीब असताना त्या देशाने साध्या खड्ड्यांच्या संडासांच्या बळावर उघड्यावर शौचास बसणे जवळजवळ नाहीसे केले.

डायेन कॉफी व डीन स्पीअर्स या अभ्यासकांनी उत्तर भारतातील खेड्यांतून काम करून २०१७ मध्ये जे पुस्तक प्रसिद्ध केले, त्याचा निष्कर्ष येथे महत्त्वाचा आहे. खेड्यातला माणूस लहान खड्ड्याचा संडास नाकारतो, कारण खड्डा कधीतरी भरेल आणि तो उपसणे हे 'त्यांचे' काम आहे, आपले नव्हे, अशी त्याची धारणा असते. आणि 'ते' आता पूर्वीसारखे बोलावल्याबरोबर येत नाहीत. म्हणून बांधायचाच तर भलामोठा टाका बांधायचा, जो आपल्या हयातीत भरू नये. कोट्यवधी संडासांच्या पोटात असे टाके आहेत. ते भरतील तेव्हा कोणाला बोलावणार, याचे उत्तर अभियानाच्या जाहिरातींत नाही.

शहरांत मात्र ते रोज मिळते. बंद टाक्यात वा गटारात हवेवाचून मैला कुजत असता हायड्रोजन सल्फाइड व मिथेन हे वायू साठतात. यांतील पहिल्याचे प्रमाण वाढले की त्याचा वासच येईनासा होतो, कारण नाकाची संवेदना मरते; दोन-चार श्वासांत माणूस कोसळतो. त्याला वाचवण्यासाठी दुसरा उतरतो, त्याच्यामागे तिसरा. वर्तमानपत्रांतील बातम्यांत मृतांचा आकडा बहुधा एक नसतो, याचे कारण हेच. डिसेंबर २०१९ मध्ये मुंबईत गोवंडी येथील एका गृहनिर्माण संस्थेच्या टाक्यात तीन कामगार असेच मेले. त्यांच्या विधवांना भरपाईसाठी उच्च न्यायालयात जावे लागले आणि सप्टेंबर २०२१ मध्ये न्यायालयाने ती शासनाला द्यावयास लावली. त्याच वर्षी केंद्रीय राज्यमंत्री रामदास आठवले यांनी राज्यसभेत सांगितले की, हाताने मैला साफ करताना एकही मृत्यू झाल्याची नोंद नाही. कायद्याच्या भाषेत ते खरे होते. गटारात मेलेला 'धोकादायक सफाई' या वेगळ्या सदरात जातो! एकेकाळी आंबेडकरांच्या नावाने रस्त्यावर उतरलेल्या नेत्याच्या तोंडून हे उत्तर यावे, हा प्रकार शोचनीय आहे. पुढे सरकारनेच २०२२ व २०२३ मधील अशा ५४ मृत्यूंची सामाजिक तपासणी करवली, तेव्हा त्यांपैकी ४९ जणांजवळ कसलेच संरक्षक साधन नव्हते असे निष्पन्न झाले.

हे मृत्यू निष्काळजीपणाचे आहेत, असे मानणे भोळेपणाचे होईल. मैला ओढून घेणारी यंत्रे व गटारे फोडून काढणारे जलदाबाचे पंप बाजारात आहेत. अरुंद गल्ल्यांतून जातील अशी लहान यंत्रेही होऊ शकतात. ठेकेदाराच्या दृष्टीने मात्र रोजंदारीची दोन माणसे यंत्राच्या भाड्यापेक्षा स्वस्त असतात, आणि ती मेली तर भरपाई बहुधा सरकारी तिजोरीतून जाते. ऑक्टोबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही भरपाई दहा लाखांवरून तीस लाखांवर नेली. निर्णय स्वागतार्ह आहे. पण ज्याच्या नफ्यासाठी माणूस उतरवला गेला त्याच्या खिशातून ही रक्कम वसूल होत नाही, तोवर त्याच्या हिशेबात काहीच बदलत नाही. १८८८ च्या पालिकेने निदान हलालखोर आपल्या नोकरीत ठेवला होता. आजच्या पालिका त्याला ठेकेदाराच्या वहीत ढकलून हात झटकतात. मुंबईतील २,७०० कंत्राटी सफाई कामगारांना कायम करण्याचा औद्योगिक न्यायाधिकरणाचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये उचलून धरला, तो कामगारांच्या संघटनेने वर्षानुवर्षे झुंज दिली म्हणून.

येथे पुरोगामी चळवळीलाही काही कटू गोष्टी ऐकवणे भाग आहे. सफाई कामगारांच्या युनियना समाजवाद्यांनी बांधल्या, लढे दिले, पगार वाढवून घेतले. हे श्रेय निर्विवाद. परंतु मागणीपत्रांत गणवेश, साबण, धुलाईभत्ता यांना जेवढे स्थान मिळाले तेवढे या कामाच्या निर्मूलनाला मिळाले नाही. लाड व पागे समित्यांच्या शिफारशींनुसार महाराष्ट्रात सफाई कामगाराच्या वारसाला त्याच्या जागी नोकरी मिळते. वारसाहक्काने झाडू देणारी ही तरतूद समाजवाद्यांना खटकावयास हवी होती, आणि ती तत्त्वत: चूक आहेच. पण ज्या शासनाने त्या वारसाला दुसरी कायम नोकरी देऊ केली नाही आणि जे आज त्याची जागा ठेकेदाराला विकू पाहते, त्याला ती रद्द करण्याचा नैतिक अधिकार नाही. जुन्या वहिवाटी हक्काच्या बाबतीत जो पेच होता तोच हा: बेडी आहे, पण भाकर तिलाच बांधलेली आहे. आधी भाकर सोडवावी लागेल. वारसाला त्याच पालिकेत लिपिक, वाहनचालक, यंत्रचालक, परिचर अशी कोणतीही कायम जागा निवडण्याचा हक्क देणे, हा त्यावरचा व्यवहार्य मार्ग आहे. आणि त्याला खर्चही फारसा नाही.

स्त्रियांच्या बाजूनेही चळवळ उशिरा जागी झाली. मुंबईत पुरुषांना मुतारी फुकट आणि स्त्रियांना मात्र पैसे, या अन्यायाविरुद्ध २०११ पासून 'राइट टू पी' या नावाने महिला कार्यकर्त्यांनी मोहीम चालवली, तेव्हा अनेक ज्येष्ठांनी ती चेष्टेवारी नेली. बाजारात भाजी विकणारी बाई दिवसभर पाणी न पिता बसते, हा त्यांच्या लेखी अर्थकारणाचा प्रश्नच नव्हता.

पालिकांच्या अंदाजपत्रकांची चर्चा दरवर्षी होते आणि पक्षाचे नगरसेवक तीत रस्ते व पाणी यांवर बोलतात. या वर्षी त्यांनी आयुक्तांना आणखी काही विचारावे. शहरात किती मॅनहोल व किती सेप्टिक टाके आहेत, आणि त्यांपैकी किती ठिकाणी यंत्र पोचू शकत नाही, याची यादी प्रसिद्ध करण्यास सांगावे. जेथे यंत्र पोचत नाही तेथे गटाराची रचना बदलण्याची तरतूद भांडवली खर्चात मागावी. मलनि:सारणाच्या प्रत्येक निविदेत, माणूस आत उतरवल्यास ठेका रद्द, अनामत जप्त आणि भरपाईची वसुली ठेकेदाराकडून, अशी अट घालावयास लावावी. खासगी गृहनिर्माण संस्थांसाठी पालिकेचा टँकर माफक दरात, दूरध्वनी केल्यावर चोवीस तासांत मिळावा. तो मिळत नाही म्हणूनच सेक्रेटरी नाक्यावरून दोन माणसे बोलावतो. आणि २०१३ चा कायदा झाल्यापासून आपल्या पालिकेच्या हद्दीत त्याखाली किती खटले दाखल झाले व किती जणांना शिक्षा झाली, हा प्रश्न लेखी विचारून त्याचे लेखी उत्तर या साप्ताहिकाकडे पाठवावे.